पावती फाडली, विषय संपला?



जून महिना आला. नवी दप्तरे, रेनकोट, छत्र्या, वह्यांची कव्हरे यांची घराघरांत गडबड सुरू झाली आहे. शाळेचे गेट पुन्हा उघडेल आणि गेटसमोरच्या अरुंद रस्त्यावरचे रोजचे दृश्यही पुन्हा सुरू होईल. एका बाजूला उभ्या केलेल्या मोटारी, दुसऱ्या बाजूला रिक्षांची रांग, मधून वाट काढणाऱ्या बाईक, मागून हॉर्न वाजवणारा टेंपो आणि या सगळ्यांच्या मधून कोणी आईचे बोट धरून, कोणी न धरताच चालणारी आपली मुले.

ही कोंडी कशी सोडवावी हा विषय महापालिकेचा, वाहतूक पोलिसांचा आणि शाळेच्या व्यवस्थापनाचा आहे. त्यावर त्यांनी विचार करावा. माझा आजचा प्रश्न वेगळा आणि कदाचित काहींना जुनाट वाटेल असा आहे. शाळेजवळ वाहतुकीचा नियम मोडणे हे पाप आहे का?

पापनिवेदनापूर्वी आत्मपरीक्षण करण्यासाठी आपण ज्या छोट्या पुस्तिका वापरतो, त्या एकदा उघडून पाहा. खोटे बोललो का, रागावलो का, रविवारची मिस्सा चुकवली का, शेजाऱ्याची निंदा केली का, असे प्रश्न त्यांत असतात. शाळेसमोरून गाडी कशी चालवली, हा प्रश्न बहुधा नसतो. त्यामुळे आपल्याही मनात तो येत नाही. घरात, शेतात, कार्यालयात आपण ख्रिस्ती असतो. मात्र हातात स्टिअरिंग आले की आपण फक्त 'ड्रायव्हर' होतो. नियम मोडला आणि हवालदाराने पकडले तर पावती फाडायची, आता तर ई-चलान थेट मोबाईलवर येते, पैसे भरायचे आणि विषय संपला. नाही पकडले तर विषय सुरूच झाला नाही!

खरोखर एवढ्यावर विषय संपतो का, ते आज जरा शांतपणे पाहू या.

दंड आणि दोष

'पावती फाडली, विषय संपला' हा विचार आपल्याला वाटतो तितका अडाणी नाही. ख्रिस्तसभेच्या नीतिशास्त्रात त्याच्यावर काही शतके चर्चा झालेली आहे. डॉमिनिकन संघाच्या मध्ययुगीन नियमावलीत असे स्पष्ट म्हटले होते की, संघाचे अंतर्गत नियम मोडणाऱ्याला शिक्षा होईल, पण केवळ तेवढ्याने त्याला पाप लागणार नाही. मौनाच्या वेळी कोणी बोलला तर त्याने प्रायश्चित्त करावे. पण त्याने देवाची आज्ञा मोडली असे समजू नये. हे शहाणपणाचेच होते. पुढे सोळाव्या शतकापासून काही धर्मपंडितांनी हाच विचार सरकारी कायद्यांना लावून पाहिला. काही कायदे 'केवळ दंडात्मक' असतात, असे ते म्हणत. अशा कायद्यापुढे माणसाला दोन वाटा असतात: कायदा पाळा, किंवा मोडा आणि पकडले गेलात तर दंड भरा. दोन्हींपैकी काहीही केले तरी सदसद्विवेकबुद्धी स्वच्छ राहते. स्पेनच्या सुआरेझ या येशूसंघीय पंडिताने या प्रश्नाचा खोलवर ऊहापोह केला आहे.

परवान्याशिवाय जंगलातले लाकूड तोडले किंवा एखादी जकात चुकवली, अशा उदाहरणांवर तेव्हा वाद चालत. त्यात कोणाची बाजू बरोबर होती हे आज सोडून देऊ. आपल्यापुढे प्रश्न असा की, शाळेजवळ गाडी हळू चालवण्याचा नियम हा त्या प्रकारचा नियम आहे का?

संत थॉमस अक्वायनस यांनी कायद्याची केलेली व्याख्या सेमिनरीत शिकलेला कोणीही विसरत नाही. कायदा म्हणजे बुद्धीने दिलेला आदेश. तो सर्वांच्या हितासाठी असतो, समाजाची काळजी ज्याच्यावर सोपवलेली आहे त्याने तो दिलेला असतो आणि तो सर्वांना जाहीर केलेला असतो. याच संतांनी आणखी एक उपयुक्त भेद सांगितला आहे. नैसर्गिक नीतिनियम आपल्याला मोठी तत्त्वे देतो: निरपराध्याला इजा करू नकोस, खून करू नकोस. पण ती तत्त्वे रोजच्या व्यवहारात कशी पाळायची याचा तपशील तो देत नाही. तो तपशील माणसांनी ठरवून घ्यावा लागतो.

रस्त्याच्या डाव्या बाजूने जावे की उजव्या, हे निसर्गाने सांगितलेले नाही. भारतात डावी बाजू आहे, अमेरिकेत उजवी. दोन्ही ठीक. पण एकदा भारताने डावी बाजू ठरवली की, चुकीच्या बाजूने बाईक घालणारा माणूस फक्त एक संकेत मोडत नाही, तो समोरून येणाऱ्याचा जीव धोक्यात घालतो. 'खून करू नकोस' ही आज्ञा आता त्या साध्या संकेतातून बोलू लागलेली असते. शाळेजवळच्या वेगमर्यादेच्या फलकाचे असेच आहे. तिथे २० लिहावे की २५, हे अभियंत्यांनी ठरवावे. पण तो आकडा लिहिला गेला की पाचवी आज्ञा आपल्याशी त्या रंग उडालेल्या पत्र्याच्या फलकातून बोलत असते.

म्हणूनच ख्रिस्तसभेने या बाबतीत संदिग्धता ठेवलेली नाही. ७ डिसेंबर १९६५ रोजी दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने आधुनिक जगातील ख्रिस्तसभेविषयीचा दस्तऐवज संमत केला. त्याच्या ३०व्या परिच्छेदात, केवळ स्वतःपुरती नीती पाळणाऱ्या माणसांचा समाचार घेताना, वाहनांच्या वेगमर्यादेच्या नियमांचा थेट उल्लेख आहे. असे नियम क्षुल्लक समजणारा माणूस स्वतःचा आणि इतरांचा जीव धोक्यात घालतो, असे परिषदेने बजावले. कॅथलिक श्रद्धाग्रंथाच्या २२९०व्या परिच्छेदात तर नशेत किंवा वेगाच्या हौसेने रस्त्यावर दुसऱ्यांची सुरक्षितता धोक्यात घालणे हा गंभीर दोष मानला आहे. जून २००७मध्ये व्हॅटिकनने रस्त्यावरील प्रेषितकार्याविषयी मार्गदर्शक सूचना प्रसिद्ध केल्या, तेव्हा त्यांत वाहनचालकांसाठी दहा आज्ञाही दिल्या होत्या. वर्तमानपत्रांनी त्याची थोडी गंमत केली. पण त्यांतली पहिली आज्ञा खून न करण्याची होती, आणि रस्त्यावर जो अधिक दुर्बल आहे त्याला जपण्याची आज्ञाही त्यांत होती.

तेव्हा पावती फाडल्याने सरकारचे येणे फिटते. मुलांचे आपल्याकडे जे देणे आहे, ते त्या पावतीत धरलेले नसते.

'काही झाले तर नाही ना?'

आपला दुसरा बचाव यापेक्षा जास्त पटणारा असतो. "फादर, मी वेगात गेलो, कबूल. पण कोणाला धक्का तरी लागला का? काही झाले तर नाही ना?"

दोन माणसांची कल्पना करू या. दोघेही सकाळी सातला, एकाच वेगाने, एकाच शाळेसमोरून, मोबाईल कानाला लावून जातात. पहिल्याच्या वाटेत कोणी येत नाही. तो कामावर पोहोचतो, चहा पितो, त्याला तो प्रवास आठवतही नाही. दुसऱ्याच्या गाडीपुढे उभ्या रिक्षाच्या आडून एक मुलगी येते. तिची पाण्याची बाटली घरंगळत गेलेली असते, ती उचलायला ती धावते. पुढचे मी लिहीत नाही.

या दोन माणसांत वाईट कोण? आपण चटकन दुसऱ्याकडे बोट दाखवतो. पण दोघांनी केले काय, ते पाहिले तर तिळमात्र फरक नाही. फरक आहे तो एका पाण्याच्या बाटलीचा. १९७६ साली ब्रिटिश तत्त्वज्ञ बर्नार्ड विल्यम्स आणि अमेरिकन तत्त्वज्ञ थॉमस नेगल यांनी या कोड्यावर निबंध लिहिले. त्याला त्यांनी 'नैतिक नशीब' असे नाव दिले. रस्त्यावर आलेले मूल आणि वाहनचालक हेच उदाहरण त्यांनीही घेतले होते. माणसाचा चांगलेपणा किंवा वाईटपणा त्याच्या हाती नसलेल्या योगायोगावर अवलंबून असू शकतो का, हा त्यांचा प्रश्न होता.

देशाचा कायदा या योगायोगाला मोजतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या २८१व्या कलमानुसार बेदरकारपणे वाहन चालवणाऱ्याला सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा एक हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. त्याच बेदरकारपणातून मृत्यू घडला तर १०६व्या कलमाखाली पाच वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. गाडी चालवणे तेच, शिक्षा वेगळी. मानवी न्यायालयाला हे करावेच लागते. त्याला मन दिसत नाही, घडलेले दिसते. आणि ज्या घरातले मूल गेले त्या घराला न्याय द्यावा लागतो.

पण परमेश्वराला मन दिसते. त्याच्यापुढे त्या पहिल्या माणसाची बाजू काय असेल? 'काही झाले नाही' याचे श्रेय तो घेऊ शकत नाही, कारण काही होऊ नये म्हणून त्याने काहीच केले नव्हते. ती मुलगी वाचली ती तिची बाटली हातातून निसटली नाही म्हणून. तो माणूस निर्दोष नाही. त्याचा दोष फक्त अजून कोणाला दिसलेला नाही.

जुन्या करारातील नियमशास्त्राने हे फार पूर्वी ओळखले होते. अनुवाद पुस्तकाच्या २२व्या अध्यायात नवे घर बांधणाऱ्याला सपाट छपरावर कठडा बांधायला सांगितले आहे, म्हणजे कोणी पडून मेले तर त्या घरावर रक्तदोष येणार नाही. कोणी पडण्याची वाट पाहायला सांगितलेले नाही. कठडा आधी बांधायचा! निर्गमाच्या २१व्या अध्यायात बैलाचा नियम आहे. बैल मारकुटा आहे हे मालकाला आधी सांगितलेले असूनही त्याने त्याला आवरले नाही आणि त्याने माणूस मारला, तर मालक स्वतः दोषी. आपल्या अंगणात आज बैल नाही, पण शंभर-दीडशे किलोची स्कूटर आहे, हजार-बाराशे किलोची मोटार आहे. आणि ती मारकुटी आहे हे आपल्याला पूर्ण ठाऊक आहे. २०२२ साली भारतातील रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे मरण पावली. जागतिक आरोग्य संघटना सांगते की, ५ ते २९ या वयोगटातील मुला-तरुणांच्या मृत्यूचे जगातील पहिले कारण कोणताही आजार नसून रस्ते अपघात हे आहे. एवढे ऐकल्यावर 'मला माहीत नव्हते' असे कोण म्हणेल?

'मूलच मध्ये आले'

तिसरा बचाव मुलावरच दोष टाकतो. "मी काय करणार? मूलच मध्ये आले!"

मूल मध्ये येणारच. म्हणून तर त्याला मूल म्हणतात. सहा-सात वर्षांचे मूल उभ्या मोटारीच्या पलीकडे पाहू शकत नाही आणि आपल्यालाही ते दिसत नाही. समोरून येणारी गाडी किती वेगात आहे आणि आपण तोवर पलीकडे पोहोचू का, हा हिशेब त्या वयात नीट जमत नाही. चेंडू, मित्र, आजीची हाक यांपैकी काहीही समोर आले की उरलेले जग नाहीसे होते. कायद्यालाही हे मान्य आहे. सात वर्षांखालील मुलाचे कोणतेही कृत्य आपल्या देशात गुन्हा ठरत नाही. ज्याला न्यायालय जबाबदार धरत नाही, त्याला आपण मात्र रस्त्यावर आपल्याइतकेच जबाबदार धरू पाहतो.

नीतिशास्त्राचा साधा नियम आहे: ज्याच्या हातात जास्त शक्ती आणि जास्त समज, त्याच्यावर जास्त जबाबदारी. दोन मोठी माणसे रस्त्यावर भेटतात तेव्हा काळजी निम्मी-निम्मी वाटून घेता येते. मूल समोर असेल तर त्याच्या वाटची काळजीही आपल्यालाच घ्यावी लागते.

थोडे गणित पाहू या. शाळेतल्या मुलांनाही जमेल असे आहे. ताशी ५० किलोमीटर वेगाने जाणारी गाडी एका सेकंदात जवळजवळ १४ मीटर जाते. मूल दिसणे, मेंदूला ते कळणे आणि पाय ब्रेकवर पडणे यात सुमारे एक सेकंद जातो. याचा अर्थ असा की, १४ मीटरवर मूल आले तर आपण ब्रेक दाबायच्या आत गाडी त्याच्यापर्यंत पोहोचलेली असते, पूर्ण वेगात. तीच गाडी ताशी ३० च्या वेगाने असेल तर त्या सेकंदात ती सव्वाआठ मीटर जाते आणि कोरड्या रस्त्यावर चांगले ब्रेक असतील तर पुढच्या पाच मीटरमध्ये थांबते. मूल दचकते, आपण दचकतो, दोघेही घरी जातात. वेग दुप्पट झाला की धडकेचा जोर चौपट होतो, हेही लक्षात ठेवावे. आणि हे सगळे कोरड्या रस्त्याचे गणित आहे. आपल्याकडे शाळा सुरू होते ती नेमकी पावसात. ओल्या रस्त्यावर, त्यावर पसरलेल्या चिखलावर गाडी थांबायला बरेच जास्त अंतर लागते. म्हणून अशा अरुंद रस्त्यावर ३० सुद्धा जास्तच.

हळू गेलो तर वेळ किती जातो? शाळेच्या अलीकडचा-पलीकडचा मिळून २०० मीटरचा रस्ता धरा. ताशी ४० ने तो १८ सेकंदांत संपतो, २० ने ३६ सेकंद लागतात. फरक १८ सेकंदांचा. एक 'नमो मरिया' शांतपणे म्हणायला साधारण एवढाच वेळ लागतो. रोज तेवढी एक प्रार्थना त्या रस्त्यावर म्हणा. वेळ वाया गेला असे वाटणार नाही.

चांगली माणसे घाईत असतात तेव्हा

आता एक अवघड गोष्ट सांगतो. शाळेजवळ धोका निर्माण करणारे बहुतेक लोक परके नसतात. ते त्याच शाळेतल्या मुलांचे आई-बाबा, काका, आजोबा असतात. माझ्या मुलाला उन्हापावसात चालावे लागू नये, त्याला रस्ता ओलांडावा लागू नये, म्हणून मी त्याला थेट गेटपर्यंत सोडतो. प्रेमापोटीच. पण प्रत्येकाने असेच केले की गेटपुढे गाड्यांची भिंत उभी राहते आणि जी मुले चालत येतात त्यांना त्या भिंतीतून वाट काढावी लागते. माझ्या मुलाची सुरक्षितता मी दुसऱ्याच्या मुलाच्या जिवावर विकत घेतो. मला तसे करायचे नसते, पण होते तसेच. सर्वहिताचा विचार एकेकट्याच्या चांगल्या हेतूंनी आपोआप पूर्ण होत नाही. त्यासाठी प्रत्येकाला आपली सोय थोडी सोडावी लागते.

आणि घाई! १९७३ साली अमेरिकेतील प्रिन्स्टन येथील धर्मशास्त्र सेमिनरीत डार्ली आणि बॅट्सन या मानसशास्त्रज्ञांचा एक प्रयोग प्रसिद्ध झाला. सेमिनरीतल्या विद्यार्थ्यांना एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत जाऊन छोटे भाषण द्यायचे होते. काहींच्या भाषणाचा विषय होता चांगल्या शोमरोनीचा दाखला. वाटेत एक माणूस कण्हत पडलेला होता. ज्यांना घाई नव्हती त्यांच्यातील ६३ टक्के विद्यार्थी मदतीसाठी थांबले. ज्यांना 'तुम्हाला उशीर झाला आहे' असे सांगितले होते त्यांच्यातील फक्त १० टक्के. भाषणाचा विषय कोणता होता याने विशेष फरक पडला नाही! हे विद्यार्थी दुष्ट नव्हते, उद्याचे सेवक होते. पण घाईने त्यांची दृष्टी अरुंद केली होती.

शाळेच्या वाटेवर हेच घडते. तिथला माणूस वाईट नसतो, तो घरून उशिरा निघालेला असतो. म्हणून शाळेजवळचा अपघात टाळण्याची खरी जागा शाळेचे गेट नव्हे, आपले स्वयंपाकघर आहे. डबा रात्री अर्धा तयार ठेवणे, दप्तर झोपण्यापूर्वी भरणे, दहा मिनिटे आधी निघणे या बिनमहत्त्वाच्या दिसणाऱ्या गोष्टी आहेत, पण त्यांनी जीव वाचतो. सद्गुण म्हणजे सवय, असे ॲरिस्टॉटलने शिकवले. दारूच्या नशेत केलेल्या गुन्ह्याबद्दल त्याने म्हटले की, नशा चढल्यावर भान नव्हते हे खरे, पण नशा न करणे त्या माणसाच्या हाती होते. घाईलाही तेच लागू पडते. ऐन वेळी ब्रेक लागला नाही हे आपल्या हाती नसेल. वेळेवर निघणे आपल्या हाती होते.

मुलाच्या हाती स्कूटी

याच संदर्भात पालकांना एक कळकळीची विनंती. आपल्या भागात नववी-दहावीची, अकरावीची मुले-मुली क्लासला, कधी शाळेलाही स्कूटी घेऊन जाताना दिसतात. कधी एकावर तिघे. "आमचा मुलगा नीट चालवतो, त्याच्यावर आमचा विश्वास आहे," असे पालक कौतुकाने सांगतात. विश्वास ही चांगली गोष्ट आहे. पण ज्या धोक्याचे ओझे त्या वयाला पेलत नाही ते त्याच्या खांद्यावर टाकणे याला विश्वास म्हणता येत नाही.

कायदा स्पष्ट आहे. गाडी चालवण्याचे वय १८ पूर्ण. सोळाव्या वर्षानंतर मिळणारी सवलत ५० सीसीपर्यंतच्या दुचाकीची आहे आणि बाजारातल्या बहुतेक स्कूटर शंभर सीसीच्या वरच्या असतात. २०१९ साली मोटार वाहन कायद्यात घातलेल्या '१९९ अ' या कलमानुसार अल्पवयीन मुलाने वाहन चालवून गुन्हा केला तर पालक किंवा वाहनमालक दोषी धरला जातो. तीन वर्षांपर्यंत कैद आणि २५,००० रुपये दंड, गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द आणि त्या मुलाला वयाच्या पंचविसाव्या वर्षापर्यंत लायसन्स नाही. १९ मे २०२४ रोजी पुण्याच्या कल्याणीनगरात भरधाव मोटारीने दोन तरुण अभियंत्यांचा बळी घेतला. गाडी सतरा वर्षांचा मुलगा चालवत असल्याचा आरोप आहे. जामिनाची एक अट म्हणून त्याला तीनशे शब्दांचा निबंध लिहायला सांगितले गेले, तेव्हा सारा देश संतापला. तो संताप योग्यच होता. पण आपल्या अंगणातली किल्ली आपण कोणाच्या हाती देतो, हेही त्या संतापानंतर पाहायला हवे होते.

नियम पाळायचा तो कोणासाठी?

काही जण म्हणतील, "फादर, रस्त्यावर झेब्रा पट्टे पुसले गेलेत, गतिरोधकाला रंग नाही, फलक नाही, पोलीस नाही. मग आम्हीच काय म्हणून पाळायचे?" तक्रार रास्त आहे आणि ती पुन्हापुन्हा लेखी करायला हवी, धर्मग्राम परिषदेने त्यात पुढाकार घ्यावा. पण आपले कर्तव्य पोलिसामुळे निर्माण झालेले नाही, ते मुलामुळे निर्माण झाले आहे. पोलीस नसला तरी मूल असतेच. फलक नाही तिथे तर आपणच फलक व्हायचे असते.

कोणी विचारेल, आजारी माणसाला इस्पितळात नेताना काय करायचे? कायद्याचे अक्षर आणि कायद्याचा हेतू यांत अशा वेळी फरक करता येतो, असे अक्वायनसही मानतात. पण शाळेपुढच्या नियमाचा हेतूच जीव वाचवणे हा आहे. एक जीव वाचवण्यासाठी दुसरा धोक्यात घालण्याची मुभा त्यातून निघत नाही. आणि खरे सांगायचे तर आपली शंभरातली नव्याण्णव घाई इस्पितळाची नसते.

नवी गाडी घेतली की आपण ती हार घालून चर्चच्या आवारात आशीर्वादासाठी आणतो. आरशाला रोझरी लटकवतो. फार चांगली प्रथा आहे, ती चालू ठेवा. पण आशीर्वाद हा ब्रेकला पर्याय नाही. त्या पवित्र पाण्याचे थेंब गाडीवर पडतात तेव्हा आपण ती गाडी परमेश्वराच्या सेवेला देत असतो. मग ती त्याच्या लहानग्यांना भिववणारी कशी चालेल? लहानांना अडखळवणाऱ्याविषयी प्रभू येशू किती कठोर शब्दांत बोलला, ते संत मत्तयच्या शुभवर्तमानाच्या १८व्या अध्यायात वाचावे.

म्हणून या शालेय वर्षासाठी काही साध्या गोष्टी ठरवू या. शाळेजवळ वेग चालण्याच्या जवळपास आणायचा. शाळेपासून १०० मीटरपर्यंतचा भाग कायद्याने शांतता क्षेत्र म्हणून जाहीर करता येतो, तिथे हॉर्न नाही. गाडी चालवताना मोबाईल नाही. गेटपुढे, वळणावर, गाडीशेजारी दुसरी गाडी उभी करायची नाही. थोडी दूर लावून शेवटचे पाऊल मुलाबरोबर चालायचे. मुलाला डाव्या बाजूनेच उतरवायचे. चार वर्षांवरील मुलालाही दुचाकीवर हेल्मेट कायद्याने आवश्यक आहे, ते घालायचे. वडिलांच्या डोक्यावर हेल्मेट आणि पुढे उभे असलेले मूल बोडके, हे चित्र बंद व्हावे. व्हॅन किंवा रिक्षावाले काका जास्त मुले कोंबत असतील तर भाडे कमी पडते म्हणून गप्प बसायचे नाही. चार पालकांनी मिळून वाढीव भाड्याचा विचार करावा. आणि रविवारी धर्मशिक्षणाला येणारी मुलेही तीच आहेत, तेव्हा मिस्सेला उशीर होतोय म्हणून चर्चच्या फाटकात हेच नियम मोडायचे नाहीत.

पुढच्या वेळी पापनिवेदनाला येण्यापूर्वी त्या छोट्या पुस्तिकेत स्वतःच्या हाताने एक प्रश्न लिहून ठेवा: 'मी रस्त्यावर दुसऱ्याच्या मुलाला माझ्या मुलासारखे जपले का?' काइनाने आपल्या भावाविषयी देवाला जो उलट प्रश्न विचारला होता, त्याचे उत्तर आपण रोज सकाळी सात वाजता, शाळेपुढच्या त्या दोनशे मीटरमध्ये देत असतो.

नव्या शालेय वर्षात आपली सर्व मुले, त्यांचे शिक्षक आणि त्यांची ने-आण करणारे सर्व चालक यांना परमेश्वर सुरक्षित ठेवो.

ख्रिस्तामध्ये आपला,
प्रमुख धर्मगुरू